बिल्डरनं हायकोर्टात लेखी हमी दिली, तरी भाडं थांबलं. अवमान याचिका करावी का?

काळाचौकीची लेक

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं इथे नुसती वाचते आहे, लिहायची वेळ पहिल्यांदाच आली.

आमची काळाचौकीची उपकरप्राप्त (म्हणजे दुरुस्ती उपकर भरणारी जुनी) इमारत, अडतीस भाडेकरू. पुनर्विकासासाठी पाच वर्षांपूर्वी रिकामी केली. आई तेव्हा ६९ वर्षांची होती, आता ७४ ची आहे. आम्ही डोंबिवलीला भाड्यानं राहतो. पहिली दोन वर्षं बिल्डर ट्रान्झिटचं, म्हणजे नवी इमारत होईपर्यंत बाहेर राहण्याचं, भाडं वेळेवर देत होता. मग चेक उशिरा यायला लागले, मग बंदच झाले. आम्ही सगळे मिळून हायकोर्टात गेलो. तिथे तडजोड झाली, कन्सेंट टर्म्स, म्हणजे तडजोडीच्या लेखी अटी, दाखल झाल्या. थकलेलं भाडं तीन हप्त्यांत आणि पुढचं दर महिन्याच्या ५ तारखेपर्यंत देईन, असं बिल्डरच्या भागीदारानं लिहून दिलं. पहिला हप्ता आला. दुसरा नाही, तिसरा नाही, चालू भाडंही नाही. दुसऱ्या हप्त्याची तारीख उलटून आठ महिने झाले.

हे आईला सांगितलं तेव्हा तिनं विचारलं, "अगं, पण ते कोर्टात लिहून दिलं होतं ना? कोर्टात लिहून दिलेलं मोडता येतं?" तिच्या पिढीला स्टॅम्पपेपरवरची सहीसुद्धा देवाच्या शपथेसारखी वाटते. मला उत्तर देता आलं नाही.

आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दोन तट पडलेत. काही जण म्हणतात, त्याला आत टाका. काही म्हणतात, तो आत गेला तर इमारत कोण बांधणार? आमचे वकील म्हणतात, "थोडं थांबा, तो देतो म्हणतोय." आठ महिने तेच ऐकतोय. कोणी यातून गेलं असेल तर कृपया सांगा.

लोअर परळचा दादा

थांबू नका ताई. कंटेम्प्ट, म्हणजे अवमान याचिका टाका. एरिक्सन कंपनीच्या थकबाकीत अनिल अंबानींनाही सुप्रीम कोर्टानं सोडलं नव्हतं. २० फेब्रुवारी २०१९ ला अवमानाबद्दल दोषी धरलं, चार आठवड्यांत ४५३ कोटी भरा नाहीतर तीन महिने तुरुंग, असं सांगितलं. मार्चमध्ये मुदत संपण्याआधी पैसे भरले गेले. तिथेही कोर्टाला दिलेली हमीच मोडली होती. मोठमोठे भरतात, तुमचा बिल्डर कोण लागून गेला?

फोर्टातली वकील

दादांनी दिलेलं उदाहरण बरोबर आहे, पण त्यातला कळीचा शब्द त्यांनी शेवटी लिहिलाय: "कोर्टाला दिलेली". लेकीचं प्रकरण तिथेच अडेल किंवा तिथेच सुटेल.

न्यायालय अवमान कायदा १९७१ चा. त्याच्या कलम २(ब) मध्ये दिवाणी अवमान सांगितलाय. न्यायालयाचा निवाडा, डिक्री (हुकूमनामा), निर्देश, आदेश जाणूनबुजून मोडणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. म्हणजे हमी मोडणं हेही आदेश मोडण्याइतकंच. मात्र ती न्यायालयाला दिलेली असली पाहिजे. दोन पक्षांनी एकमेकांशी केलेला करार कोर्टात दाखल केला आणि कोर्टानं त्याप्रमाणे आदेश केला, एवढ्यानं तो करार आपोआप "न्यायालयाला हमी" होत नाही. बाबूराम गुप्ता विरुद्ध सुधीर भसीन या जुन्या खटल्यात सुप्रीम कोर्टानं हेच सांगितलं. पुढे २००६ मध्ये रमा नारंगच्या प्रकरणात, डिक्रीची अंमलबजावणी करून घेता येते म्हणून अवमानाचा रस्ता बंद होत नाही, असंही स्पष्ट केलं. म्हणजे दोन्ही रस्ते आहेत, पण तुमच्या कागदावर काय छापलंय त्यावर कुठला सोपा ते ठरेल.

म्हणून ताई, कन्सेंट टर्म्सचं ते पान काढा आणि भागीदारानं नेमकं कोणाला काय लिहून दिलंय ते शब्दशः इथे टाका. नावं वगळून. त्याखालचा कोर्टाचा आदेशही, जो बहुतेक चार ओळींचाच असेल.

काळाचौकीची लेक

वकीलताई, शोधून काढलं. कन्सेंट टर्म्सच्या कलम ७ मध्ये आहे, मी मराठी करून लिहिते: "प्रतिवादी क्रमांक २ या माननीय न्यायालयाला हमी देतो की, वर नमूद रकमा वर नमूद तारखांना अर्जदारांच्या खात्यात जमा करील." खाली त्या भागीदाराची सही. आणि कोर्टाच्या आदेशात: "कन्सेंट टर्म्स 'एक्स' म्हणून खूण करून नोंदीवर घेतल्या. त्यांतील हमी न्यायालयाला दिलेल्या हमी म्हणून स्वीकारण्यात येत आहेत."

हे आजवर आमच्यापैकी कोणीच नीट वाचलं नव्हतं. अडतीस घरांत झेरॉक्स वाटल्या होत्या.

फोर्टातली वकील

उत्तम. ज्यानं कुणी ते कलम ७ लिहून घेतलं त्या वकिलांना धन्यवाद द्या. "न्यायालयाला दिलेल्या हमी म्हणून" या शब्दांनी अर्धं काम झालंय. आता तो "हा आमच्या आपसातला व्यवहार" असं म्हणू शकत नाही.

पण दोन गोष्टी लगेच.

तारीख. कायद्याच्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एका वर्षात कारवाई सुरू व्हायला हवी. पल्लव शेठ खटल्यात २००१ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं की, वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला तर पुरतं. कोर्टानं नोटीस त्यानंतर काढली तरी चालतं. तुमचे आठ महिने गेलेत. दर महिन्याला भाडं चुकतं, म्हणजे दर महिन्याला नवा अवमान, असं कुणी सांगितलं तरी त्यावर विसंबू नका. पहिल्या चुकलेल्या तारखेपासून मोजा आणि त्याआधी फाइल करा. मी स्वतः दोन प्रकरणं अशी पाहिली आहेत, की बाजू शंभर टक्के खरी होती आणि वर्ष संपल्यामुळे दार बंद झालं. त्या पक्षकारांचे चेहरे अजून आठवतात.

दुसरं, "जाणूनबुजून". नुसतं पैसे आले नाहीत एवढं पुरत नाही. ऐपत असून, माहीत असून, दिले नाहीत, हे दाखवावं लागतं. अवमानाची कारवाई अर्धी फौजदारी धरली जाते, त्यामुळे शंकेचा फायदा समोरच्याला मिळतो. तो हमखास म्हणणार, "धंद्यात मंदी, पैसेच नव्हते." तुमच्याकडे काय आहे? त्याच काळात त्यानं दुसरीकडे प्लॉट घेतला का? दुसऱ्या प्रोजेक्टमधले फ्लॅट विकले का? रेराच्या (गृहप्रकल्पांची नोंदणी करणाऱ्या प्राधिकरणाच्या) साइटवर त्याचे इतर प्रकल्प दिसतात, ते उघडून बघा. विक्रीचे नोंदलेले दस्त शोधा.

आणि शिक्षेबद्दल भ्रम नको. कलम १२ प्रमाणे जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, किंवा २००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दंडाचा आकडा १९७१ पासून तोच आहे. त्याच कलमात माफीचीही सोय आहे, कोर्टाचं समाधान झालं तर.

ठाणेकर

२००० रुपये? म्हणजे त्याच्या एका जेवणाचे. सगळं मिळालेलं असतं हो. आमच्या केसमध्ये जज साहेबांनी तीन वेळा समोरच्या पार्टीला वेळ दिला. मी तर फेसबुकवर जज साहेबांचं नाव घालून लिहिणार आहे, बघतो काय करतात ते.

फोर्टातली वकील

ठाणेकर, तुमचा संताप समजतो, पण कृपया ते करू नका. आदेश न पाळणं हा दिवाणी अवमान, आणि न्यायाधीशावर हेतूचा आरोप करून न्यायालयाची बदनामी करणं हा फौजदारी अवमान. त्यात तुम्ही आरोपीच्या जागी उभे राहाल, आणि तुमच्या विरुद्ध बाजूचा माणूस मागे बसून बघेल. निकालावर टीका करायचा हक्क आहे, कायद्याच्या कलम ५ मध्ये तो मान्य केलाय. २००६ च्या दुरुस्तीनं सत्य हाही बचाव ठेवलाय, जनहितासाठी आणि सद्भावनेनं असेल तर. पण "मिळालेलं आहे" हे तुम्ही सिद्ध करू शकता का?

वेळ का दिला, हे आदेशात लिहिलेलं असतं. ते वाचा आणि पुढच्या तारखेला तुमच्या वकिलांना सांगा की, मागच्या तीनही वेळा मागितलेल्या मुदतीच्या तारखा एका कागदावर मांडून द्या. कोर्टाला तो कागद तुमच्या पोस्टपेक्षा जास्त सांगतो.

इतिहासवेडा

विषय निघालाच आहे म्हणून लिहितो. फौजदारी अवमानाचं एक गाजलेलं प्रकरण आपल्या मुंबई हायकोर्टातलंच. अहमदाबादच्या जिल्हा न्यायाधीशांनी हायकोर्टाला लिहिलेलं एक पत्र गांधीजींनी ऑगस्ट १९१९ मध्ये 'यंग इंडिया'त छापलं आणि त्यावर टिप्पणी केली. गांधीजी संपादक, महादेव देसाई मुद्रक-प्रकाशक. हायकोर्टानं माफी मागायला सांगितलं, गांधीजींनी नकार दिला. सदसद्विवेकाविरुद्ध माफी मागणार नाही, शिक्षा द्याल ती भोगेन, अशी त्यांची भूमिका होती. मार्च १९२० मध्ये दोघांना दोषी धरून कडक समज देऊन सोडलं. त्या दोघांनी शिक्षा पत्करायची तयारी दाखवली होती, पळवाट काढली नव्हती. आजचे बिल्डर आणि ते, हे एकाच कायद्याच्या नावाखाली येतात याचं वाईट वाटतं.

निवृत्त बेंच क्लार्क

मी ३१ वर्षं कोर्टात नोकरी केली. वकीलताईंनी कायदा सांगितला, मी कागद सांगतो, कारण बहुतेक अवमान याचिका कागदावर पडतात.

ताई, आधी आदेशाची आणि कन्सेंट टर्म्सची सर्टिफाइड कॉपी काढा. वेबसाइटवरून डाउनलोड केलेली प्रत वाचायला ठीक. मग त्या भागीदाराला त्याच्या नावानं पत्र पाठवा. फर्मच्या नावानं पाठवलेलं पत्र ऑफिसातला मुलगा घेतो आणि मग भागीदार म्हणतो, मला माहीतच नव्हतं. नोंदणीकृत टपालानं पाठवा, ईमेल करा, पोचपावती जपा. पत्रात रडगाणं नको. अमुक तारखेचा आदेश, अमुक कलमातली हमी, अमुक तारखेला इतकी रक्कम द्यायची होती, ती आली नाही, इतक्या दिवसांत द्या. एवढंच. कायद्यानं प्रत्येक वेळी हे पत्र लागतंच असं नाही, पण "त्याला संधी दिली होती का?" हा प्रश्न कोर्ट विचारतंच.

अडतीस जणांची बँक स्टेटमेंट एकत्र करा. किती आलं, कधी आलं, किती बाकी, असा एकच तक्ता. माझ्या डोळ्यांसमोर एक याचिका सहा महिने लांबली, कारण बावीस अर्जदारांच्या आकड्यांत फरक होता आणि समोरचा वकील दर तारखेला त्याच फरकावर बोट ठेवायचा.

आणि कोणा-कोणाला पक्षकार करायचं ते नीट ठरवा. हमी ज्यानं सही करून दिली तो तर हवाच. बाकी भागीदारांना ओढायचं तर त्यांचा संबंध दाखवावा लागेल. कंपनी असती तर कलम १२(४) प्रमाणे त्या वेळी कारभार बघणाऱ्यांवर येतं.

गोरेगावकर सेक्रेटरी

आमच्या सोसायटीची गोष्ट सांगतो, कारण ग्रुपवरचे दोन तट मला फार ओळखीचे वाटले.

आमचाही बिल्डर हमी देऊन फिरला. आम्ही अवमान याचिका केली. नोटीस निघाल्याबरोबर त्यानं एक हप्ता भरला. पुढच्या तारखेला अर्धा हप्ता. त्याच्या पुढच्या तारखेला नवीन प्रतिज्ञापत्र, नवीन वेळापत्रक. दर तारखेला थोडे पैसे यायचे आणि आमचे लोक खूश व्हायचे. मी पण व्हायचो. सव्वा वर्षानं लक्षात आलं की, आपण त्याच्या सोयीच्या हप्त्यावर आलोय आणि मूळ आदेशातली तारीख कोणालाच आठवत नाही.

तेव्हा आमच्या नव्या वकिलांनी सांगितलं की, अवमान हे वसुलीचं यंत्र नाही. वसुलीसाठी वेगळा अर्ज हवा. आम्ही त्याच आदेशाच्या अंमलबजावणीसाठी गेलो आणि पहिली मागणी केली, मालमत्ता प्रतिज्ञापत्रावर उघड करा. दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर २१ मध्ये ती सोय आहे. बँक खाती, फ्लॅट, गाड्या, येणी. तो कागद दाखल करायची वेळ आली तेव्हा गोष्टी हलल्या. तोवर त्याच्या विक्रीसाठीच्या सदनिकांवर तात्पुरती मनाई आणि कोर्ट रिसीव्हर (मालमत्ता ताब्यात घेणारा कोर्टाचा अधिकारी), एवढ्यावर बोलणी आली. अवमान याचिका आम्ही मागे घेतली नाही, ती सोबत चालू ठेवली. दोन्ही चाकं लागतात.

आणि "तो आत गेला तर इमारत कोण बांधणार" ही भीती आमच्याकडेही होती. आमचा अनुभव असा की, ती भीती बिल्डरच पसरवत होता, आमच्यातल्याच दोन माणसांमार्फत. आत कोणी गेलं नाही. पण जायची शक्यता खरी आहे हे त्याला ज्या दिवशी पटलं, त्या दिवसापासून त्याचा फोन लागायला लागला.

लोअर परळचा दादा

सेक्रेटरीकाका, पण पैसे नाहीतच असं म्हणाला तर? कर्ज बुडालं म्हणून माणसाला तुरुंगात टाकत नाहीत ना?

फोर्टातली वकील

बरोबर प्रश्न. जॉली जॉर्ज वर्गीस खटल्यात १९८० मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं की, केवळ पैसे देऊ शकत नाही म्हणून ऋणकोला दिवाणी तुरुंगात टाकणं घटनेत बसत नाही. ऐपत आहे आणि बेइमानीनं देत नाही, हे दिसलं पाहिजे. गरिबाचं संरक्षण आहे ते, आणि ते राहिलंच पाहिजे.

पण हमी देताना ऐपत नव्हतीच आणि वेळ मारून नेण्यासाठी हमी दिली, असं दिसलं तर प्रश्न उलटा होतो. एरिक्सनच्या प्रकरणात कोर्टानं माफी स्वीकारली नाही, ती याच कारणानं. हमी देताना ती पाळायचा हेतूच नव्हता, असा निष्कर्ष होता.

बिल्डरच्या बाबतीत आणखी एक निकाल तुमच्या वकिलांना आठवण करून द्या. दिल्ली विकास प्राधिकरण विरुद्ध स्किपर कन्स्ट्रक्शन, १९९६. तिथे मनाई असताना बिल्डरनं जागा विकून पैसे घेतले. कोर्ट म्हणालं, शिक्षा वेगळी, पण अवमानातून जो फायदा उकळला तो त्याच्याकडे राहता कामा नये. मालमत्ता जप्त करून लोकांचे पैसे परत करण्यापर्यंत ते गेलं. तुमच्या बिल्डरनं मधल्या काळात तुमच्या प्लॉटवर तिसऱ्याचे हक्क निर्माण केले असतील, तर हे फार उपयोगी पडेल. २०२३ मध्ये गुजरातच्या बलवंतभाई भंडारी प्रकरणात तर वकिलानं अशिलातर्फे दिलेली हमीही बंधनकारक धरली आणि ती मोडून केलेले व्यवहार रद्द ठरवले.

पालिकेतला जुना इंजिनियर

मी समोरच्या बाकावर बसायचो, म्हणजे ज्याच्यावर अवमानाची नोटीस यायची तो. त्या बाजूचंही लिहितो, लोकांना उपयोग होईल.

आमच्या वॉर्डात आदेश यायचा: "अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा." लोकांना वाटायचं आपण जिंकलो. आम्ही आठव्या आठवड्यात निर्णय घ्यायचो, कधी कधी नामंजुरीचा. ते चिडून अवमानात जायचे आणि हरायचे. कारण कोर्टानं "निर्णय घ्या" सांगितलं होतं, "मंजूर करा" नव्हतं. निर्णय चुकीचा असेल तर ते नवं कारण, त्यासाठी नवी याचिका. जे. एस. परिहार खटला, १९९६. हे आमच्या लॉ ऑफिसरचं तोंडपाठ वाक्य होतं.

तेव्हा आदेश घेतानाच जागं राहा. कोणी करायचं, काय करायचं, कोणत्या तारखेपर्यंत. "संबंधित अधिकारी" असं मोघम आलं तर संबंधित अधिकारी कोणीच नसतो, हे मी आत बसून पाहिलंय. फाइल टेबलावरून टेबलावर जाते आणि मुदत कोणाच्याच डायरीत नसते. नव्वद टक्के वेळा खुनशीपणा नसतो, आदेशाची प्रत योग्य माणसापर्यंत पोचलेलीच नसते. पण उरलेल्या दहा टक्क्यांत मुद्दाम असतं, आणि तिथे नोटीस हवीच. आपल्याच राज्यात मे २००६ मध्ये सुप्रीम कोर्टानं मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याच्या प्रधान सचिवांना महिनाभराची कैद दिली होती. कोर्टानं बंदी घातली असताना आरा गिरण्यांना परवानगी दिली म्हणून. ती बातमी आल्यावर आमच्या ऑफिसात आठवडाभर सगळ्या कोर्ट फाइल्स वर आल्या होत्या. मी स्वतः चार काढल्या, त्यांतल्या दोन माझ्याच कपाटात होत्या. त्या दोन घरांची मी मनापासून माफी मागितली.

एक सावधगिरी. अधिकाऱ्याला कोर्टात उभं करायची घाई नको. जानेवारी २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टानं सरकारी अधिकाऱ्यांना ऊठसूट हजर राहायला लावू नये, म्हणून कार्यपद्धतीच घालून दिली. आधी व्हिडिओवरून वगैरे.

सायलीची आई

माझा प्रश्न जरा वेगळा आहे. कुटुंब न्यायालयानं मुलीसाठी पोटगी ठरवलीये, वांद्र्याचा आदेश. सात महिने आली नाही. मी पण अवमान करू का?

फोर्टातली वकील

ताई, तुम्ही आधी वसुलीचा अर्ज करा. पोटगीसाठी कायद्यात थेट वाट आहे. न दिलेल्या पोटगीसाठी वॉरंट निघतं, जप्ती होते, आणि तरीही न दिल्यास कैद. मात्र रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज करा. ४ नोव्हेंबर २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालात सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की, पोटगीचा आदेश दिवाणी डिक्रीसारखा राबवता येतो, आणि दोन्ही बाजूंनी उत्पन्न-मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्यायचं असतं. नवऱ्याचं ते प्रतिज्ञापत्र फाइलमध्ये आहे का, आधी बघा. नोकरी करत असेल तर पगारातून कापायची मागणी करा. सायलीची फी अवमानाच्या तारखांवर थांबू नये.

खालच्या कोर्टाच्या मनाईहुकमाबद्दलही लोक हेच विचारतात, म्हणून लिहिते. दिंडोशी किंवा फोर्टच्या सिटी सिव्हिल कोर्टानं दिलेली मनाई कोणी मोडली, तर त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३९ नियम २अ खाली अर्ज करा. मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद तिथेच होऊ शकते. खालच्या कोर्टाच्या अवमानाची कारवाई हायकोर्ट कलम १० खाली करू शकतं, पण जवळचा उपाय असताना लांब का आलात, हा प्रश्न येतो.

ठाणेकर

वकीलताई, पोस्ट टाकली नाही. तारखांचा कागद करायला घेतलाय. तीन नाही, पाच वेळा वेळ मागितला होता त्यानं. मलाच माहीत नव्हतं. एक विचारायचं होतं: तो म्हणतो अपील केलंय, म्हणून आदेश पाळायची गरज नाही. खरं का?

निवृत्त बेंच क्लार्क

नाही. अपील दाखल करणं म्हणजे स्थगिती नव्हे. स्थगिती मिळाली असेल तर तो आदेश दाखवेल. मात्र स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल, तर आधी त्याचा निकाल लावा असं कोर्ट म्हणू शकतं. तुमच्या वकिलांना अपिलाचा नंबर आणि स्थिती ई-कोर्ट्सवर बघायला सांगा. नुसता लॉजिंग नंबर (दाखल करतानाचा तात्पुरता क्रमांक) असेल आणि ऑफिस ऑब्जेक्शन्स (कोर्टाच्या कार्यालयानं दाखवलेल्या त्रुटी) काढलेली नसतील तर तेही कोर्टाला सांगा. कित्येक "अपिलं" तिथेच पडून असतात.

काळाचौकीची लेक

दीड महिन्यानं लिहितेय, क्षमस्व. खूप पळापळ झाली.

बेंच क्लार्ककाकांनी सांगितल्याप्रमाणे भागीदाराच्या घरच्या पत्त्यावर पत्र पाठवलं. पोचपावतीवर त्याच्या बायकोची सही आली. उत्तर आलं नाही. अडतीस घरांचा तक्ता करायला तीन रविवार लागले. सात जणांची स्टेटमेंट मिळेनात, दोन जण वारलेत, त्यांच्या वारसांना शोधत मी बदलापूर आणि विरारला गेले. एका काकूंनी पासबुक पिशवीत गुंडाळून फ्रीजवर ठेवलं होतं, "कोर्टाचं काम आहे म्हणून जपलंय" म्हणाल्या. त्यांच्या पासबुकात एक नोंद जास्त निघाली. बिल्डरनं त्यांना गुपचूप एक महिन्याचं भाडं दिलं होतं, तक्रार करू नका सांगून. असे चौघे निघाले. त्यांना दोष देत नाही, चौघांच्या घरी आजारपण होतं. पण आकडे आता खरे आहेत, आणि ज्याला चौघांना देता येतात त्याच्याकडे पैसे नव्हते असं म्हणता येणार नाही, हा मुद्दा वकीलबाईंनी याचिकेत घेतलाय. आम्ही वकील बदलले.

रेराच्या साइटवर त्याच भागीदाराचा दुसरा प्रकल्प सापडला, त्याच आठ महिन्यांत नोंदलेला. त्याचीही प्रत जोडली.

दुसऱ्या हप्त्याच्या तारखेला वर्ष व्हायला जवळपास अडीच महिने बाकी असताना अवमान याचिका दाखल झाली. सोबत अंमलबजावणीचा अर्जही, मालमत्ता उघड करण्याच्या मागणीसह. सेक्रेटरीकाका, तुमच्यामुळे.

नोटीस निघाली. पहिल्या तारखेच्या आदल्या दिवशी संध्याकाळी सहा वाजता सगळ्यांच्या खात्यात दुसऱ्या हप्त्याची अर्धी रक्कम आली. ग्रुपवर लगेच मेसेज सुरू झाले, आता मिटवून टाकू, कशाला ताणायचं. मी सेक्रेटरीकाकांची वरची पोस्ट तशीच्या तशी तिथे टाकली. सकाळी कोर्टात त्याच्या वकिलांनी बिनशर्त माफीचं प्रतिज्ञापत्र दिलं आणि उरलेल्या रकमेसाठी बारा आठवडे मागितले. आमच्या वकीलबाईंनी सांगितलं, माफी हप्त्यांच्या तारखा चुकल्या तेव्हाच हवी होती, आणि मूळ वेळापत्रक बदलायला आमची संमती नाही. कोर्टानं माफीवर काही म्हटलं नाही. चार आठवड्यांत संपूर्ण थकबाकी भरावी आणि भागीदारानं पुढच्या तारखेला स्वतः हजर राहावं, असा आदेश झाला. मालमत्तेचं प्रतिज्ञापत्रही त्याच मुदतीत.

आईला सोबत नेलं होतं. तिला ओव्हल मैदानाच्या बाजूचे ते जिने चढवत नव्हते, पण तिला यायचंच होतं. कोर्टरूममध्ये मागच्या बाकावर बसून तिनं सगळं ऐकलं, इंग्रजी होतं तरी. बाहेर आल्यावर म्हणाली, "त्यानं लिहून दिलेलं त्यांनी वाचून दाखवलं का?" मी म्हटलं, हो, कलम ७ वाचलं. मग ती बराच वेळ काही बोलली नाही. चर्चगेटला लोकलमध्ये बसल्यावर म्हणाली, पुढच्या तारखेला पण येणार.

पुढची तारीख पुढच्या महिन्याच्या पहिल्या आठवड्यात आहे. बेंच क्लार्ककाका, एक विचारायचं राहिलं. ज्या दोन घरांतले मूळ भाडेकरू वारले, त्यांच्या वारसांची नावं याचिकेत आत्ताच घालावीत का, की थकबाकी आल्यावर?

निवृत्त बेंच क्लार्क

आत्ताच. पैसे कोणाच्या खात्यात जायचे हे आदेशात स्पष्ट नसेल, तर तेवढ्याच कारणावर तो तुमच्या उरलेल्या छत्तीस जणांचेही अडकवेल. वारसांची प्रतिज्ञापत्रं, मृत्यूचे दाखले आणि बँक तपशील घेऊन पुढच्या तारखेआधी दुरुस्तीचा अर्ज दाखल करा. आईंना नमस्कार सांगा. कोर्टात लिफ्टची चौकशी आधी करून ठेवा, आणि बसायला मागचा बाक नको, पुढून तिसरा घ्या, तिथे ऐकू येतं.